बॅरिकेडचं जुनं चित्र कसं वाचावं

रस्ता अडवणारा दगडांचा ढीग, त्यावर झेंडा, मागे बंदुका घेतलेली माणसं. असं चित्र समोर आलं की त्याखाली ‘फ्रेंच राज्यक्रांती, १७८९’ असं ठोकून दिलं जातं. बहुतेक वेळा ते चुकीचं असतं. १४ जुलै १७८९ ला बास्तीयचा किल्ला पडला, त्यात बॅरिकेडचा वाटा नगण्य होता. पॅरिसमधला बॅरिकेडचा पहिला गाजलेला दिवस १२ मे १५८८ चा. तिसऱ्या हेन्रीने शहरात स्विस सैनिक आणले, तेव्हा लोकांनी रस्त्यांच्या तोंडाशी साखळ्या ताणल्या, माती-दगड भरलेली पिंपं लावली आणि सैन्याच्या तुकड्या जागच्या जागी कोंडल्या. दुसऱ्या दिवशी राजाने शहर सोडलं. मग १६४८ चा ऑगस्ट. आणि त्यानंतर जवळजवळ पावणेदोनशे वर्षांची गॅप, मधे १७९५ चा एखादा अपवाद सोडला तर. आपण ज्या चित्रांना ‘बॅरिकेडचं चित्र’ म्हणून ओळखतो ती बहुतेक १८२७ ते १८७१ या चव्वेचाळीस वर्षांतल्या घटनांची आहेत.

चित्र वाचायला बसताना त्याची शक्य तितकी मोठी प्रत घ्या, त्या शहराचा त्या काळातला नकाशा उघडून ठेवा, एक फूटपट्टी घ्या आणि चित्राखालची ओळ कागदाने झाका. ओळ शेवटी वाचायची. आधी वाचली की डोळे तिला पुरावा शोधायला लागतात आणि मग प्रत्येक टोपी १८३० ची दिसते.

काळ ठरवताना

चित्रातली वस्तू ‘याच्या आधीचं नाही’ एवढंच सांगते. ‘याच्या नंतरचं नाही’ हे ती सहसा सांगत नाही, कारण जुन्या वस्तू वापरात राहतात. हा नियम विसरल्यामुळे होणाऱ्या चुका सर्वांत जास्त.

वाहनापासून सुरुवात करा. पॅरिसच्या रस्त्यांवर घोड्यांची ओम्निबस १८२८ मध्ये आली. उलटी पाडलेली ओम्निबस दिसत असेल तर नोव्हेंबर १८२७ चा, म्हणजे रू सें-दनीवरचा (‘रू’ म्हणजे रस्ता) उठाव बाद झाला. १८३० च्या जुलैपासून पुढचं काहीही असू शकतं. ही गाडी बॅरिकेडवाल्यांची आवडती होती, कारण घोडे सोडून तिला कुशीवर पाडलं की अर्धा रस्ता क्षणात अडतो आणि दगड टेकवायला सांगाडा तयार मिळतो. लाकूड गोळी अडवत नाही, गोळी अडवतात ते दगड. म्हणून ज्या चित्रात नुसत्या खुर्च्या, कपाटं आणि गाड्या दिसतात ते बॅरिकेड एक तर नुकतंच सुरू झालंय, किंवा चित्रकाराने स्टुडिओत बसून रचलंय.

मग दिवे बघा. रस्त्याच्या मधोमध दोरीला टांगलेला कंदील म्हणजे तेलाचा दिवा. खांबावरचा गॅसचा दिवा पॅरिसच्या रस्त्यावर १८२९ पासून दिसू लागतो. पण तेलाचे दिवे पुढेही बरीच वर्षं टिकले, त्यामुळे टांगलेला कंदील बघून ‘१८२९ पूर्वीचं’ असं म्हणता येत नाही. नियम तोच.

बंदुका आणि टोप्या नीट बघता आल्या तर फार उपयोगी. फ्रेंच सैन्याने शास्पो रायफल १८६६ मध्ये स्वीकारली. ती ओळखू आली तर चित्र १८४८ चं असूच शकत नाही. नॅशनल गार्डच्या, म्हणजे नागरिकांच्या सशस्त्र दलाच्या, डोक्यावर उंच, ताठ शाको असेल तर आधीचा काळ धरा आणि बसकी केपी असेल तर १८७१ चा विचार करा.

झेंड्याने मात्र हमखास फसगत होते. १८१५ ते १८३० बुर्बोन राजांचा पांढरा झेंडा अधिकृत होता, म्हणून जुलै १८३० मध्ये तिरंगा फडकवणं हाच उठाव होता. त्यानंतर तिरंगाच सरकारी झाला. जून १८४८ मध्ये, म्हणजे नव्या प्रजासत्ताकाविरुद्धच्या कामगारांच्या उठावात, तो बॅरिकेडच्या दोन्ही बाजूंना होता, त्यामुळे त्या वर्षीच्या चित्रात तिरंगा बघून बाजू ठरवू नका. लाल झेंडा जून १८३२ मध्ये जनरल लामार्कच्या अंत्ययात्रेत दिसला, फेब्रुवारी १८४८ मध्ये तो राष्ट्राचा झेंडा व्हावा अशी मागणी झाली आणि नव्या सरकारातल्या कवी लामार्तीनने ती परतवली. १८७१ च्या कम्यूनने, म्हणजे पॅरिसमधल्या बंडखोर सरकारने, तो अधिकृतच केला. फोटो काळा-पांढरा असेल तर रंग कळणार नाही, पण पट्टे आहेत की सलग कापड, एवढं दिसतं. तेवढं पुरतं.

फ्रान्सबाहेरची चित्रं यात मिसळतात. १८४८ च्या मार्चमध्ये बर्लिन, व्हिएन्ना आणि मिलान तिन्ही शहरांत बॅरिकेडं उभी राहिली. मिलानचे पाच दिवस, १८ ते २२ मार्च, हे तर प्रकरणच वेगळं: पोर्ता तोझा या वेशीवर लोकांनी काटक्यांच्या मोठ्या मोळ्या पुढे ढकलत नेल्या, म्हणजे बॅरिकेडच चालत गेलं. ढिगाऱ्याऐवजी गोल मोळ्या दिसल्या तर मिलानची शक्यता आधी तपासा. ड्रेस्डेनच्या मे १८४९ च्या उठावात गोटफ्रीड झेम्पर हा नावाजलेला वास्तुविशारद बॅरिकेडच्या बांधणीत होता. कागदाच्या मोठाल्या रिळांआड टोप्या घातलेले बंदूकधारी असतील तर ते जानेवारी १९१९ चं बर्लिन, वर्तमानपत्रांच्या छापखान्यांचा भाग. पाडलेल्या मोटारी आणि झाडांच्या बुंध्यांभोवतीच्या लोखंडी जाळ्या म्हणजे पॅरिस, मे १९६८.

चिरे मोजा

या भागाला वेळ द्या, कारण इथे चित्र खरं बोलतं की नाही ते कळतं.

फरसबंदीच्या दगडांचं बॅरिकेड हे त्याच रस्त्याचं कातडं सोलून केलेलं असतं. म्हणून ढिगाऱ्याच्या आजूबाजूला फरसबंदी उखडलेली, माती उघडी पडलेली दिसली पाहिजे. ती दिसत नसेल आणि ढीग मोठा असेल, तर दगड दुसरीकडून आलेत, ढिगाऱ्याच्या पोटात गाडी किंवा पिंपं आहेत, नाहीतर चित्र कल्पनेतलं आहे.

हिशेब करायला ऑग्यूस्त ब्लांकीची पद्धत घ्या. आयुष्याची कितीतरी वर्षं तुरुंगात काढलेल्या या क्रांतिकारकाने १८६० च्या दशकात रस्त्यावरच्या लढाईवर एक टिपण लिहिलं. त्यात तो चिरा २५ सेंटिमीटरचा घन धरतो. म्हणजे एका घनमीटरला ६४ चिरे, आणि १२ मीटर रुंद रस्त्यावर आडव्या एका ओळीत ४८. त्याचं आदर्श बॅरिकेड, मुख्य भिंत आणि तिच्या पुढची आडभिंत धरून, १४४ घनमीटरचं आहे. त्याला नऊ हजारांवर चिरे लागतात आणि रस्ता ४८ मीटर लांब उखडावा लागतो. असं अवाढव्य काम उठावाच्या धामधुमीत सहसा होत नाही, हे त्यालाही ठाऊक होतं. जून १८४८ च्या लोकांवर त्याची मुख्य तक्रारच ही होती की जो तो आपल्या गल्लीच्या तोंडाशी मनाला येईल तसं रचत बसला, वरून हुकूम नाही, एका बॅरिकेडचा दुसऱ्याला पत्ता नाही.

आता तुमच्या चित्रातलं बॅरिकेड घ्या. शेजारी उभ्या माणसाची उंची साधारण १.६५ मीटर धरून फूटपट्टीने प्रमाण काढा. समजा रस्ता १२ मीटर, भिंत दीड मीटर उंच आणि सरासरी एक मीटर जाड आहे. म्हणजे १८ घनमीटर, ११५२ चिरे, २४ ओळी, सहा मीटर उखडलेला रस्ता. सैल रचाईत फटी राहतात, त्यामुळे प्रत्यक्षात दगड यापेक्षा कमी लागतात. चित्रात चार-पाच मीटर माती उघडी दिसली तरी हिशेब जुळला म्हणायचं. भिंतीसमोर दहा मीटर चकचकीत अखंड फरसबंदी असेल तर शंका घ्या.

मोजताना दोन ठिकाणी घसरायला होतं. माणूस कॅमेऱ्याच्या जवळ आणि बॅरिकेड लांब असलं की भिंत आहे त्यापेक्षा बुटकी निघते, म्हणून भिंतीला टेकलेलाच माणूस घ्या. आणि सगळे चिरे २५ सेंटिमीटरचे नव्हते. या मापाचा वाळूच्या दगडाचा घन पस्तीसेक किलोचा होतो. तो दोन हातांनी उचलायचा, रांगेतून पुढे द्यायचा आणि रचायचा दगड आहे. १० सेंटिमीटरचा छोटा चिरा अडीच किलोच्या आत-बाहेर भरतो, तो एका हाताने फेकता येतो. मे १९६८ च्या फोटोंत माणसं दगड फेकताना दिसतात आणि १८४८ च्या चित्रांत रचताना दिसतात, यामागे राजकारणाइतकाच दगडाचा आकारही आहे. (१९६८ नंतर रू गे-ल्यूसाकसारख्या रस्त्यांवर डांबर चढलं. प्रशासनाने धडा घेतला होता.)

तुम्ही कुठल्या बाजूला उभे आहात?

प्रत्येक चित्रात बघणाऱ्याला कुठेतरी उभं केलेलं असतं. बॅरिकेडच्या आत, बाहेर सैनिकांच्या बाजूला, की वरच्या मजल्याच्या खिडकीत? चढ-उतारावरून ते कळतं: आतली बाजू पायऱ्यांसारखी असते, चढून गोळी झाडता यावी म्हणून, बाहेरची शक्य तितकी सरळ.

दोन प्रसिद्ध चित्रं शेजारी ठेवून बघा. देलाक्रवाचं ‘लोकांना वाट दाखवणारी स्वातंत्र्यदेवता’ हे २.६० बाय ३.२५ मीटरचं, म्हणजे भिंत व्यापणारं. विषय जुलै १८३०, १७८९ नव्हे. मागे धुरात नोत्र-दामचे मनोरे आणि त्यांवर तिरंगा. बॅरिकेड चित्राच्या तळाशी पडलंय आणि माणसं ते ओलांडून थेट आपल्या अंगावर येतायत. म्हणजे आपण ज्यांच्यावर हल्ला होतोय त्यांच्या जागी उभे आहोत, आणि तरी आपल्याला बाई आवडते. ही खरी कारागिरी. १८३१ च्या प्रदर्शनात ते लागलं, सरकारने ३००० फ्रँकला घेतलं आणि मग बरीच वर्षं लोकांच्या नजरेआड ठेवलं. लूव्रमध्ये ते १८७४ मध्ये पोचलं. एक व्यावहारिक सूचना: २०२४ मध्ये त्यावरचं पिवळं पडलेलं व्हार्निश काढलं गेलं आणि बाईचा झगा मुळात फिका करडा, वर पिवळ्या छटा असलेला निघाला. त्याआधीच्या छपाईवरून रंगांबद्दल काही लिहू नका.

दुसरं मेसोनिएचं ‘बॅरिकेड’. २९ बाय २२ सेंटिमीटर, म्हणजे वहीच्या पानाएवढं. मेसोनिए जून १८४८ मध्ये नॅशनल गार्डच्या तोफखान्यात कॅप्टन होता, बॅरिकेड पाडणाऱ्यांच्या बाजूने. त्याच्या चित्रात झेंडा नाही, देवी नाही. चिरे विखुरलेत आणि त्यांच्यात माणसं तशीच विखुरलीत. आधी दगड कुठले आणि देह कुठले हेच कळत नाही. तो ज्या रू द ला मॉर्तेलरीचं नाव देतो ते नाव १८३५ मध्येच बदललं होतं. लोक जुनंच नाव वापरत राहतात, म्हणून जागा शोधताना एकाच सालच्या नकाशावर विसंबू नका. मागचे-पुढचे दोन जवळ ठेवा.

फोटो, ठसा की बनाव

१८८० च्या दशकापूर्वी वर्तमानपत्रात फोटो जसाच्या तसा छापता येत नव्हता. जुन्या अंकातलं ‘फोटोवरून’ असं लिहिलेलं चित्र म्हणजे लाकडावर हाताने कोरलेला ठसा. कोरणारा मोकळ्या रस्त्यात माणसं घालू शकतो, धूर घालू शकतो, कंटाळा आला तर खिडक्या गाळू शकतो. मूळ फोटो उपलब्ध असेल तर दोन्ही शेजारी ठेवून काय वाढलं आणि काय गळलं याची यादी करा.

याचं उत्तम उदाहरण तिबोचे दोन डागेरोटाइप, म्हणजे धातूच्या पत्र्यावर घेतलेले फोटो: पॅरिसच्या फोबूर-द्यु-तांप्लमधली बॅरिकेडं, हल्ल्याच्या आधी २५ जून १८४८ ला आणि हल्ल्यानंतर २६ जूनला. ‘इल्युस्त्रासियाँ’ साप्ताहिकाने जुलैच्या सुरुवातीला त्यांवरून ठसे छापले. पहिल्या फोटोत रस्ता ओस दिसतो. त्यावरून ‘लोक पळून गेले होते’ असा निष्कर्ष काढाल तर चुकाल. त्या काळच्या पत्र्याला प्रकाश पुरेसा मिळायला वेळ लागे आणि हलणारी वस्तू उमटतच नसे. दगड हलत नाहीत, म्हणून दगड स्वच्छ आलेत. शिवाय डागेरोटाइप डावी-उजवी उलट उमटतो, काढताना आरसा वापरला असेल तरच सुलट. दुकानाची पाटी सापडली तर ती आधी वाचून बघा, नाहीतर नकाशावर तुम्ही रस्त्याची चुकीची बाजू धरून बसाल.

१८७१ च्या कम्यूनचे फोटो ओल्या काचेवरचे. काच जागेवर तयार करायची, ओली असतानाच वापरायची, लगेच धुवायची, आणि काही सेकंद सगळ्यांनी स्तब्ध राहायचं. गोळीबारात हे अशक्य. म्हणून ब्राकएसारख्या फोटोग्राफरांच्या फोटोंत माणसं बॅरिकेडवर ओळीने पोझ देऊन उभी आहेत, हात कमरेवर, नजर भिंगात. हे फोटो मार्च ते मेच्या मध्यापर्यंतचे. २१ ते २८ मेला सरकारी सैन्याने कम्यून चिरडलं, त्या रक्तरंजित आठवड्यातल्या लढाईचे नाहीत. फोटोतलं बॅरिकेड जितकं नेटकं, वाळूच्या गोण्या, तोफांच्या खिडक्या, पुढे खंदक, तितकं ते लढाईच्या आधीचं. काँकॉर्द चौकाच्या कोपऱ्यावरचं नेपोलियन गायारचं बॅरिकेड असंच होतं. गायार पेशाने चर्मकार, जोडे बनवणारा. कम्यूनच्या बॅरिकेडांचं काम त्याच्याकडे होतं आणि आपल्या त्या किल्ल्यासमोर त्याने ऐटीत फोटोही काढून घेतला. अशा भक्कम बांधकामाचा त्या आठवड्यात फारसा उपयोग झाला नाही, कारण सैन्य समोरून आलंच नाही. बाजूच्या रस्त्यांनी आणि घरांच्या भिंती फोडून ते बॅरिकेडांच्या पाठीमागे निघालं.

आणि लढाईचा, गोळ्या घालण्याचा अगदी स्पष्ट, नाट्यमय फोटो १८७१ चा म्हणून मिळाला तर बनाव समजूनच तपासाला लागा. एर्नेस्त आपेरने ‘कम्यूनचे गुन्हे’ या मालिकेत नटांना उभं करून प्रसंग रचले आणि त्यांच्या धडांवर खऱ्या माणसांची डोकी चिकटवली. ओळखायची खूण: सावल्या एका दिशेच्या नसतात, पुढच्या आणि मागच्या माणसांच्या आकाराचं प्रमाण बिघडतं, डोकी मानेवर थोडी तिरकी बसतात.

या ढिगाऱ्याचा उपयोग काय होता

चित्रावर टिपण लिहिताना ‘बॅरिकेडमुळे सैन्य हरलं’ असं सहज लिहिलं जातं. मार्क्सचा साथीदार एंगेल्स याने १८९५ मध्येच सांगून ठेवलंय की बॅरिकेडचा परिणाम भौतिक कमी आणि मानसिक जास्त. तोफेपुढे दगडांची भिंत फार टिकत नाही. पण ती सैनिकाला थांबवते, आणि थांबलेल्या सैनिकाशी बोलता येतं. पलीकडे त्याच शहरातले लोक दिसतात, बायका भाकरी-दारू पुढे करतात, अधिकाऱ्याचा हुकूम येतो आणि बंदूक वर जात नाही. फेब्रुवारी १८४८ मध्ये हेच झालं: पॅरिसमध्ये दीड हजारांच्या आसपास बॅरिकेडं उभी राहिली, पण लुई-फिलिपचं सिंहासन गेलं ते नॅशनल गार्डने त्याच्या बाजूने लढायचं नाकारल्यामुळे. चारच महिन्यांनी, जूनमध्ये, बॅरिकेडं जास्त पक्की होती आणि लढणारे जास्त जिद्दीचे. जनरल काव्हेन्याकचे सैनिक मात्र बोलायला थांबले नाहीत, आणि उठाव चार दिवसांत चिरडला गेला.

म्हणून चित्रात सैनिकांचे चेहरे आणि बंदुकीच्या नळ्या कुठे वळल्यात ते बघा. नळ्या खाली असतील आणि दोन्हीकडची माणसं हाकेच्या अंतरावर असतील तर तुमच्या हातात लढाईचं नव्हे, त्या थांबण्याच्या क्षणाचं चित्र आहे, आणि ते जास्त दुर्मीळ आहे.

पॅरिसची नव्याने आखणी करणारा अधिकारी ओसमान याच्या रुंद रस्त्यांबद्दलही जपून लिहा. बॅरिकेड अशक्य व्हावं म्हणूनच बुलेव्हार बांधले, हे अर्धसत्य आहे. वाहतूक, गटारं, जमिनीचे भाव ही कारणंही होती. पण सें-मार्तां कालव्याच्या एका भागावर छत घालून वर रस्ता केला, त्यात सैन्याची सोय नक्कीच पाहिली होती. आणि १८७१ च्या फोटोंत रू द रिव्होलीसारख्या रुंद रस्त्यावरही बॅरिकेड उभंच दिसतं.

आकडे आणि नोंद

किती बॅरिकेडं होती हा आकडा लिहिताना १६४८ साठी बाराशेहून अधिक, जुलै १८३० साठी चार हजारांहून अधिक हे सर्रास दिले जातात. दोन्ही समकालीनांच्या अंदाजातून आलेत. एका गल्लीतली तीन म्हणजे एक की तीन, हे कोणी ठरवून मोजलेलं नाही. ‘सुमारे’ लावल्याशिवाय लिहू नका, आणि वेगवेगळ्या सालांचे आकडे एकाच आलेखात टाकू नका.

शेवटी झाकलेली ओळ उघडा, तुमच्या निष्कर्षाशी ताडून बघा आणि नोंद करा. तिबोच्या पहिल्या फोटोची नोंद साधारण अशी होईल:

प्रकार: डागेरोटाइप, यावरून कोरलेला ठसा जुलै १८४८ मध्ये साप्ताहिकात. जागा: पॅरिस, फोबूर-द्यु-तांप्ल, रू सें-मोर-पोपँकूरच्या जवळ (आजचं नाव रू सें-मोर). तारीख: रविवार, २५ जून १८४८, जनरल लामोरिसिएरच्या सैन्याच्या हल्ल्याआधी. कुठून: उंचावरून, रस्त्याच्या लांबीच्या दिशेने. काय दिसतं: एकामागे एक बॅरिकेडं. काय दिसत नाही: माणसं, कारण प्रकाश मिळायला लागणारा वेळ, रस्ता ओस असणं नव्हे. डावी-उजवी: पाटीवरून तपासायची. जोड: त्याच जागेचा २६ जूनचा फोटो.